शेपटीचा खोडवा

आमच्या लेकीनं पुण्यात पाल पाळलीय, असं बायकोनं मला सांगितलं तेव्हा मी म्हणालो, "तुझी चेष्टा केली तिनं." भवानीनगरच्या आमच्या घरात पाली काय कमी होत्या? ट्यूबलाइटमागं एक, मीटरच्या पेटीत एक, हॉलमधल्या कॅलेंडरमागं एक. सगळ्या फुकटच्या. बायको तीस वर्षं त्यांना खराट्यानं हाकलत होती. आणि एवढी शिकली-सवरलेली पोरगी पैसे मोजून पाल घेते? माझं डोकंच चालेना.

पण आषाढात ती खरोखरच मांडीवर काचेची पेटी घेऊन गाडीतून उतरली. दीड वर्षानं ती आमच्या घरात पाऊल टाकत होती, म्हणून पेटीत काय आहे याकडं मी आधी बघितलंच नाही. तिच्याकडंच बघत राहिलो. वाळली होती.

दीड वर्ष का आली नाही, ते सांगतो. तीन वर्षांपूर्वी तिचं आणि जावयाचं सुटलं. कोर्टात जाऊन, रीतसर. मारहाण नाही, काही नाही, जमलं नाही एवढंच. मला ते तेव्हाही कळलं नाही आणि खरं सांगतो, आजही नीट कळलेलं नाही. जमत नाही म्हणजे काय? आमचं तरी कुठं जमत होतं? गावात कुणी विचारलं की मी सांगायचो, "जावई कंपनीच्या कामानं बाहेर असतात. येतील." एका दिवाळीला ओट्यावर बसून शेजारच्या आबांना मी हेच सांगत होतो आणि लेक आतून ऐकत होती. आबा गेल्यावर तिनं बॅग भरली आणि म्हणाली, "बाबा, मी काही पाप केलेलं नाही. मला झाकून ठेवायचं असेल तर मी येतच नाही." आणि आली नाही. फोन यायचा, तोही आईच्या फोनवर.

आता कंपनी तिला सहा महिने जर्मनीला पाठवत होती आणि पाल सांभाळायला पुण्यात कुणी मिळालं नव्हतं. अडला हरी गाढवाचे पाय धरी. पण त्या गाढवाला आनंद झाला होता, खोटं कशाला बोलू?

पाल बघितली आणि मी आणखीच गोंधळलो. वीतभर लांब, पिकल्या रामफळाच्या रंगाची. डोळ्यांवर काट्यांची झालर, एखाद्या नटीच्या पापण्यांसारखी, आणि गंमत म्हणजे खऱ्या पापण्याच नाहीत. डोळा कोरडा पडला की बाईसाहेब जीभ बाहेर काढून आपलाच डोळा चाटायच्या! लेक म्हणाली, ही ऑस्ट्रेलियाच्याही पलीकडं, भर समुद्रातल्या एका बेटावरची. तिथं बारा महिने झाडी आणि पाऊस. ही जात संपली असंच सगळे धरून चालले होते, मग एका वादळानंतर पुन्हा सापडली. "हिची कागदपत्रं आहेत, सरकारात नोंद आहे," असंही म्हणाली. मी म्हटलं, बरं बाई, आमच्या रेशनकार्डापेक्षा भारी.

लेकीनं तिला इंग्रजी नाव ठेवलं होतं. ते आमच्या जिभेला वळेना. बायको "पाहुणी" म्हणायला लागली, तेच पडलं.

पाहुणीचे नियम लेकीनं मला पाठ करायला लावले. सकाळ-संध्याकाळ पेटीत पाण्याचा फवारा. डब्यातली फळांची पावडर पाण्यात कालवून अर्धा चमचा. उष्णता लागू द्यायची नाही. शक्यतो हातावर घ्यायचं नाही, कारण ती उडी मारते. आणि शेवटचा नियम सांगताना ती माझ्या डोळ्यांत बघत होती.

"काही झालं तर मला सांगायचं. काहीही. मेली तरी सांगायचं. पण लपवलंत ना बाबा, तर मी या घरी परत येणार नाही."

"नाही गं," मी म्हणालो. "लपवायला काय झालं?"

पहिले दोन महिने बरे गेले. बायको आधी स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावरूनच तिला बघायची. एकदा फवारा मारताना पाहुणीचा पाय तिच्या बोटाला लागला, तर हिनं अंघोळ केली आणि पंचांग काढून बसली. पाल डाव्या हाताला लागली तर काय, उजव्या हाताला लागली तर काय, सगळं त्यात दिलेलं. मग मला विचारते, "अहो, हे परदेशातल्या पालीला लागू असतं का?" मला काय माहीत! मी म्हटलं, पाहुणीला विचार. पुढं पुढं हीच बाई केळं सोललं की कोपरा मोडून बशीत ठेवायला लागली. ऑक्टोबरचं ऊन तापायला लागलं तेव्हा आम्ही पेटी माठाशेजारी हलवली आणि भोवती ओलं गोणपाट लावलं. सासूबाईंची एवढी सेवा केली असतीस तर, असं मी म्हणालो आणि दिवसभर उपाशी राहायची वेळ आली.

त्याच दिवसांत माझ्या हातून ते झालं. पितृपक्ष चालू होता. आबा संध्याकाळी पेपर न्यायला आले. आबा मूळचे कळसचे, तिकडं त्यांचा ऊस आहे, माझ्यापेक्षा दहा वर्षांनी मोठे. म्हणाले, "तात्या, ती तुमची फॉरीनची पाल दावा की जरा." आता दाखवायची तर पेटीतून दाखवावी. पण मला चेव आला. मी झाकण काढलं आणि तिला तळहातावर घेऊन ओट्यावर आलो. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

आबा वाकून बघायला आणि पाहुणीनं उडी मारायला एक गाठ पडली. पळत्या कोंबडीवर झडप घालावी तसा मी हात टाकला. हाताला काहीतरी लागलं, मी मूठ आवळली. मूठ उघडून बघतो तर आत नुसती शेपटी. वळवळतेय! पाहुणी समोरच्या खांबाला चिकटून माझ्याकडं बघत होती.

"अगं बाई!" बायको दारातच ओरडली. "काय केलंत हो हे?"

पण आबा शांत. म्हणाले, "आवो, पालीचं शेपूट त्ये. घाबरताय कशाला? खोडवा येतोय त्याचा."

आता खोडवा म्हणजे काय, ते उसाच्या मुलखाबाहेरच्या माणसाला सांगायला पाहिजे. ऊस तोडून नेला की जमिनीत जो बुडखा राहतो, त्याला पाणी दिलं की पुन्हा कोंब फुटतात आणि लागणीशिवाय दुसरा ऊस उभा राहतो. तो खोडवा. माझी सगळी नोकरी साखर कारखान्याच्या शेतकी खात्यात गेली. मोटारसायकलवर फडाफडातून हिंडायचं आणि उसाच्या नोंदी घ्यायच्या. कळसपासून पिंपळीपर्यंत कुणाचाही तोडलेला फड असो, शेतकरी विचारायचा, "तात्या, खोडवा येईल का वो?" मी बुडखा बघायचो, बुटानं ढेकूळ फोडायचो आणि म्हणायचो, "येईल." आणि यायचा. सहसा यायचाच. कापलेलं परत फुटतं, हे माझ्या रक्तातच भिनलं होतं.

म्हणून आबांचं म्हणणं मला लगेच पटलं. रात्री फोनला विचारलं, पालीची शेपटी किती दिवसांत येते? त्यानं सांगितलं, दोन-तीन महिन्यांत. लेक यायला साडेतीन महिने होते. मी हिशेब घातला. तेवढ्यात शेपटी येईल, मग सांगायचं काय आणि लपवायचं काय?

बायको म्हणाली, "सांगून टाका तिला. आत्ताच्या आत्ता."

"अगं, तिकडं परदेशात एकटी आहे. उगाच जिवाला घोर. झाकली मूठ सव्वा लाखाची."

"त्या मुठीत काय होतं ते बघितलं मी," बायको म्हणाली.

मग सुरू झालं ते वाट बघणं. रोज सकाळी फवारा मारला की मी बायकोचा शिलाईचा टेप काचेला लावायचो. जखम चार-आठ दिवसांत भरली. तिथं तांदळाएवढं टोक आलं. मला केवढं बरं वाटलं! कोंब निघाला म्हणून मी बायकोला पेढा आणून दिला. पण कोंब तेवढाच राहिला. घटस्थापना झाली, दसरा झाला, टेपवर काही सरकेना.

माझी खरी गंमत झाली ती कॅलेंडरमागच्या पालीनं. त्याच पंधरवड्यात तिची शेपटी खिडकीच्या फळीत सापडून तुटली होती. बायकोनंच खिडकी लावताना तोडली. त्या पालीला ना पावडर, ना फवारा, ना केळ्याचा कोपरा. आणि दिवाळीपर्यंत तिची शेपटी बोटभर आली! काळपट, जरा जाडी, पण आली. मी हॉलमध्ये उभा राहून तिच्याकडं बघायचो, मग स्वयंपाकघरात येऊन पाहुणीकडं बघायचो. ही फुकटची खराटा खाऊन शेपटी काढते आणि हिला माठाच्या गारव्याला ठेवून, भरवून हिचं पुढं सरकत नाही. का? मी काय चुकतोय? खत-पाणी जास्त झालं का? उसाला पाणी जास्त झालं की मूळ सडतं, म्हणून मी चार दिवस फवारा कमी केला. मग भीती वाटली, पुन्हा वाढवला. अंड्याचं टरफल कुटून पावडरीत घातलं. टोकाला हळद लावायला गेलो तर तिनं जबडा उघडून माझ्यावर एक कुईं केलं.

शेवटी बारामतीला जनावरांच्या डॉक्टरकडं गेलो. फोनमधला फोटो दाखवला. डॉक्टर तरुण होता, भला माणूस. फोटो मोठा केला, लहान केला, फोन आडवा धरला. म्हणाला, "काका, मी गाई-म्हशींचा माणूस. हे जनावर मी पुस्तकातसुद्धा पाहिलेलं नाही. कुणाचं आहे?"

"मुलीचं."

"मग मुलीलाच विचारा की. तिला माहीत असेल."

एवढं सोपं होतं बघा. आणि नेमकं तेवढंच मला करता येत नव्हतं.

लेकीचा व्हिडिओ कॉल दर रविवारी यायचा. आणि आता तो माझ्या फोनवर यायचा, हे मुद्दाम सांगतो. पाहुणीच्या निमित्तानं का होईना, ती माझ्याशी अर्धा अर्धा तास बोलायला लागली होती. तिथं बर्फ पडलाय, आज मी पिठलं केलं, लोक फार गप्प असतात, असं काहीबाही. मी फोन पेटीसमोर धरायचो, पण नुसत्या तोंडासमोर. मागची बाजू पेटीतल्या कुंडीच्या पानाआड. "बाबा, पूर्ण दाखवा ना," ती म्हणायची. "झोपलीय गं, कशाला उठवायची?" मी म्हणायचो. दर रविवारी ठरवायचो, पुढच्या रविवारी सांगतो. पण एक रविवार गेला की आधीच्या रविवारांचंही सांगावं लागणार. अर्धा तास बोलणारी लेक पुन्हा गप्प झाली तर? मला भीती वाटायची. साठी उलटलेल्या माणसाला आपल्या पोटच्या पोरीची भीती!

दिवाळीनंतर कारखान्याचं गाळप सुरू झालं. उसाच्या ट्रॉल्या दारावरून धडधडत जायच्या. आबांच्या फडाला तोड आली. ते रोज विचारायचे, "आली का वो शेपटी?" आणि मी म्हणायचो, "येईल." दुसऱ्या कुणी विचारलं, "जावईबापू आले का?" तरी माझ्या तोंडून तेच निघायचं. जित्याची खोड.

संक्रांतीच्या आदल्या दिवशी लेक आली. बारामतीच्या स्टँडवर मी तिला घ्यायला गेलो होतो. वाटेत सांगायचं, असं पक्कं ठरवलेलं. पण ती गाडीत बसल्या बसल्या म्हणाली, "बाबा, तुम्ही एवढं मनापासून केलंत. मला वाटलं नव्हतं." मग मी काय सांगणार? भवानीनगर येईपर्यंत मी तिला कुठल्या फडात कुठला ऊस आहे ते सांगत राहिलो. तिनं विचारलंही नव्हतं.

घरात आली ती तडक माठाकडं. झाकण काढलं. हात आत घातला, पाहुणी टुणकन तिच्या मनगटावर आली आणि वळली. लेकीनं शेपटीच्या जागचं टोक बघितलं.

"कधी गेली?"

"पितृपक्षात," बायको म्हणाली. मी पेटीशेजारचा टेप उचलला.

"पितृपक्षात? आणि दर रविवारी मला..." तिनं माझ्याकडं बघितलं. "म्हणून पान मध्ये घेत होता?"

"अगं, येईल ती," मी म्हणालो. माझा आवाज मलाच केविलवाणा वाटला. "जरा वेळ लागतोय. टोक आलंय बघ. माझ्याच हातून गेली, मीच चुकलो, पण मी रोज मोजतोय, तू बघशील..."

"काय येईल, बाबा?"

"शेपटी."

"हिची नाही येत." ती शांतपणे बोलत होती, त्याचंच मला भ्या वाटत होतं. "आपल्याकडच्या पालींची येते. या जातीची एकदा गेली की गेली. ते टोक तेवढंच राहतं. त्या बेटावर मोठ्या झालेल्या बहुतेक अशाच असतात, बिनशेपटीच्या. झाडावर चढतात, उड्या मारतात, पिलं होतात, म्हाताऱ्या होतात. काही अडत नाही त्यांचं. तुम्ही एका शब्दानं विचारलं असतं तर मी त्याच दिवशी सांगितलं असतं."

मी टेप हातात घेऊन उभा होतो. साडेतीन महिने मी कशाची वाट बघितली?

"शेपटी गेल्याचं मला काही नाही," ती म्हणाली, आणि आता मात्र तिचा आवाज फुटला. "पण तुम्हाला सगळंच परत येईल असं का वाटतं हो, बाबा? आणि येईपर्यंत झाकून का ठेवायचं असतं?"

पावडरीचा डबा आणि फवारा उचलून ती आतल्या खोलीत गेली. बॅगेची चेन वाजली. मला तो आवाज पाठ होता, दीड वर्ष डोक्यात वाजत होता. बायको माझ्याकडं बघून म्हणाली, "बोला की काहीतरी." मी बाहेर ओट्यावर जाऊन बसलो. भित्रा माणूस आणखी काय करणार?

तेवढ्यात आबा आले. दारातल्या लेकीच्या चपला बघून म्हणाले, "लेक आली व्हय? झ्याक झालं. आन जावईबापू? ह्या संक्रांतीला तरी येणार म्हणं त्ये?"

‘येतील’ हा शब्द जिभेच्या टोकावर आला. खोटं सांगत नाही, अगदी टोकावर आला. आतली चेन वाजायची थांबली होती.

"न्हाय आबा," मी म्हणालो. "त्ये आता येणार न्हाईत. तीन वर्सं झाली, त्यांचं सुटलंय. मी तुमास्नी खोटं सांगत हुतो."

आबांनी टोपी काढली, डोकं खाजवलं, पुन्हा घातली. घरासमोरून उसाची ट्रॉली धडधडत गेली.

"मग आदीच सांगायचं की, तात्या," आबा म्हणाले. "आमी काय परकं हाय?"

मी आत गेलो. लेक दाराच्या मागंच उभी होती, पाहुणी तिच्या खांद्यावर. डोळे लाल. मला वाटलं, आता बॅग उचलेल.

"आबांना चहा विचारलात का?" तिनं विचारलं.

"न्हाय."

"मग बसवा त्यांना. मी ठेवते."

तीन कप घेऊन ती स्वतः ओट्यावर आली. सुटल्यापासून घरी कुणी आलं की ती आत जायची, आता आबांसमोर मांडी घालून बसली. आबांनी एकदा तिच्याकडं बघितलं, एकदा खांद्यावरच्या पाहुणीकडं. कशीबशी आवडीच्या विषयावर गाडी आणली.

"ह्येच्या त्या बेटावर," ते म्हणाले, "ऊस हाय का गं?"

लेक हसली. खळखळून, लहानपणी हसायची तशी. आबांना कळेना काय चुकलं, मला कळेना रडू का येतंय. बॅग तशीच अर्धवट चेन लावलेली चार दिवस कॉटवर पडून होती.